पडद्यावरच्या रंगांवर छायालेखकाचाही हक्क

22 एप्रिल 2009 रोजी ब्रिटिश छायालेखक, म्हणजे चित्रपटाचा कॅमेरामन, जॅक कार्डिफ याचं इंग्लंडमध्ये वयाच्या 94 व्या वर्षी निधन झालं. त्यानंतर महिनाभरातच कान महोत्सवात 'द रेड शूज'ची नव्याने सिद्ध केलेली प्रत दाखवली गेली. 1948 सालचा हा चित्रपट कार्डिफने चित्रित केलेला. मूळ निगेटिव्हला बुरशी लागली होती, फिल्म आकसली होती, त्यामुळे रंगांच्या कडा एकमेकींवर नीट बसत नव्हत्या. यूसीएलए या अमेरिकी विद्यापीठाच्या चित्रपट संग्रहाने आणि दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीच्या फिल्म फाउंडेशनने ही दुरुस्ती तडीस नेली. 134 मिनिटांचा चित्रपट म्हणजे सुमारे एक लाख 93 हजार चौकटी. टेक्निकलर या जुन्या रंगीत चित्रणाच्या पद्धतीत प्रत्येक चौकट तीन वेगवेगळ्या निगेटिव्हवर उतरते, म्हणजे पावणेसहा लाखांहून अधिक चित्रं स्कॅन करायची. ज्यांनी हे केलं त्यांच्याविषयी मला आदरच आहे.

पण त्या प्रत्येक चौकटीत लाल किती लाल असावा, सावली काळी असावी की हिरवट, हे शेवटी कोणी तरी बसून ठरवतं. ते ठरवण्याचा हक्क कोणाचा? आजच्या व्यवहारात उत्तर सरळ आहे: ज्याच्याकडे चित्रपटाचे हक्क, त्याचा. फार तर दिग्दर्शकाला विचारतात. छायालेखकाला विचारलं तर तो समोरच्याचा चांगुलपणा, आणि नाही विचारलं तरी कुणी जाब विचारत नाही. हे बदललं पाहिजे. जुना चित्रपट दुरुस्त करताना त्याच्या छायालेखकाला, तो हयात नसेल तर त्याने मागे ठेवलेल्या पुराव्याला, कायद्याने जागा मिळाली पाहिजे, असं माझं ठाम मत आहे. कार्डिफच्या कारकिर्दीकडे नीट पाहिलं की हे मत निव्वळ भावनेतून आलेलं नाही, हे लक्षात येईल.

कार्डिफचा जन्म 1914 चा, नॉरफोकमधल्या ग्रेट यारमथचा. आईवडील म्युझिक हॉलमधले कलाकार, त्यामुळे सारखं गावोगाव फिरणं आणि शाळेची कायम आबाळ. चार वर्षांचा असताना मूकपटात काम केलं, पुढे स्टुडिओत पडेल ते काम करत करत तो कॅमेऱ्यापर्यंत पोचला. 1936 मध्ये टेक्निकलर कंपनी इंग्लंडमध्ये पाय रोवत होती आणि तिला प्रशिक्षणासाठी एक ब्रिटिश कॅमेरामन हवा होता. बाकीचे उमेदवार तंत्रावरच्या प्रश्नांना उत्तरं देऊन आले. कार्डिफने मुलाखतीत सांगून टाकलं की गणित आणि यंत्रविद्या आपल्याला फारशी येत नाही, आपला अभ्यास चित्रांमधल्या प्रकाशाचा आहे. मग रेम्ब्राँचा विषय निघाला, चेहऱ्याच्या कोणत्या बाजूने उजेड येतो याच्या गप्पा झाल्या आणि निवड त्याची झाली. रंग ही पाहणाऱ्याच्या नजरेतून घडणारी गोष्ट आहे, एवढं त्या मुलाखत घेणाऱ्यांना तरी कळलं होतं. कायद्याला ते आजवर कळलेलं नाही.

टेक्निकलरचा कॅमेरा हे प्रचंड धूड होतं. भिंगातून आलेला प्रकाश आत एका प्रिझमवर दुभंगायचा. हिरव्याची नोंद एका फिल्मवर व्हायची, तर लाल आणि निळ्याची एकमेकींना चिकटून धावणाऱ्या दोन फिल्मवर. एवढ्या वाटण्या झाल्यावर प्रत्येकीच्या वाट्याला उजेड फारच कमी यायचा, म्हणून सेटवर दिव्यांचा भडिमार करावा लागायचा. पुढे लॅबमध्ये या तीन निगेटिव्हवरून तीन साचे निघायचे आणि साडीवर ठशांनी एकावर एक रंग चढवावेत तसे निळसर, किरमिजी आणि पिवळा हे तीन रंग कोऱ्या फिल्मवर चढायचे. लंडनजवळ हार्मंड्सवर्थला कंपनीने त्यासाठी खास कारखाना उभारला होता. मुद्दा असा, की यातल्या निगेटिव्हमध्ये रंग नसतोच. असतात त्या तीन काळ्यापांढऱ्या नोंदी. रंग जन्माला येतो तो छापताना, आणि तो किती व कसा यावा याचं सगळं नियोजन सेटवर छायालेखकाच्या डोक्यात झालेलं असतं. सत्तर वर्षांनी या तीन नोंदी संगणकात घातल्या तर त्यांच्यातून डझनभर वेगवेगळे चित्रपट काढता येतील. त्यातला कोणता खरा, हे निगेटिव्ह स्वतः होऊन सांगत नाही.

खुद्द कंपनीचा ओढा साफ, भरपूर आणि सपाट उजेडाकडे होता. तिचा कॅमेरा भाड्याने घेतला की तिचा रंगसल्लागारही सोबत यायचा. नताली कॅलमस हे नाव त्या काळच्या कितीतरी टेक्निकलर चित्रपटांच्या श्रेयनामावलीत दिसतं ते याच करारामुळे. म्हणजे लॅबच्या प्रतिनिधीला रंगात बोलण्याचा हक्क करारानेच मिळालेला होता. कॅमेरामनला मात्र तो भांडून मिळवावा लागायचा. कार्डिफ भांडला. धुक्याचे फिल्टर, रंगीत दिवे, काळोखात बुडालेले कोपरे, कंपनीला नको असलेलं सगळं त्याने वापरलं. त्याचाच समकालीन छायालेखक ओस्वाल्ड मॉरिस याच्यावरही 1952 च्या 'मुलाँ रूज'च्या वेळी अशीच वेळ आली होती.

तीसच्या दशकाच्या अखेरीला हाच जड कॅमेरा घेऊन कार्डिफ एका प्रवासपटमालिकेसाठी भारतात येऊन गेला होता. इथले रस्ते, देवळं, घाट त्याने टेक्निकलरमध्ये टिपले. पुढे युद्धाच्या काळात खुल्या समुद्रात 'वेस्टर्न अप्रोचेस' केला. दिग्दर्शक मायकेल पॉवेलने त्याला हेरलं ते एका किरकोळ शॉटवर काम करताना. 'कर्नल ब्लिम्प' या चित्रपटासाठी भिंतीवर टांगलेल्या शिकारीच्या मुंडक्यांचा तो शॉट होता. पॉवेल येऊन पाहून गेला आणि पुढच्या रंगीत चित्रपटाचा मुख्य छायालेखक म्हणून त्याने कार्डिफला घेतलं. तो चित्रपट 1946 चा 'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ'.

यातलं एकच दृश्य घेऊ. विमानातून उडी मारलेला नायक समुद्रकिनारी वाहून येतो. आपण मेलोय की जिवंत आहोत, हे त्याला स्वतःलाच उमगलेलं नाही. दृश्य हळूहळू उजळायला हवं होतं, पण नेहमीचा काळ्यातून उजेडात येणारा फेड पॉवेलला नको होता. कार्डिफने पुढे होऊन भिंगावर तोंडाने वाफ सोडली. काच धूसर झाली, आणि ती वाफ विरत गेली तसा डेव्हनचा तो किनारा स्वच्छ दिसू लागला. पडद्यावर जे धुकं दिसतं तो एका माणसाचा श्वास आहे.

आता कल्पना करा, ही फिल्म एखाद्या अशा तंत्रज्ञाच्या हाती आली आहे, ज्याला हे ठाऊक नाही. त्याच्यापुढे काही सेकंदांच्या धूसर चौकटी आहेत, आणि दोन्ही शक्यता सारख्याच खऱ्या वाटतात. कदाचित निगेटिव्हची हानी झाली असेल, कदाचित ते मुद्दाम केलेलं असेल. 'रेड शूज'मधल्या सुमारे सतरा मिनिटांच्या बॅलेत तर कार्डिफने नर्तक उडी घेऊन सर्वांत वर पोचला की तेवढ्यापुरता कॅमेऱ्याचा वेग वाढवला, म्हणजे पडद्यावर तो क्षणभर हवेत तरंगल्यासारखा दिसतो. हालचालींतले 'झटके' काढून सगळं एकसारखं करणाऱ्या आजच्या सॉफ्टवेअरला तो तरंगता क्षण दोष वाटू शकतो. या गोष्टी आज आपल्याला माहीत आहेत, कारण कार्डिफ दीर्घायुषी होता, बोलका होता आणि त्याने त्या लिहून, सांगून ठेवल्या. जे कमी जगले किंवा कमी बोलले, त्यांचे असे किती श्वास पुसले गेले असतील?

'ब्लॅक नार्सिसस' (1947) तर आपल्या हिमालयात घडतो आणि त्यासाठी चित्रपटाचा चमू भारतात आलाच नाही. दार्जिलिंगच्या परिसरातला तो कडा, ती दरी, ती शिखरं, सगळं लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत उभं राहिलं. पर्सी डे याने काचेवर डोंगर रंगवले, मोठ्या केलेल्या काळ्यापांढऱ्या छायाचित्रांवर रंगीत खडूंनी काम करून पडदे तयार झाले, आल्फ्रेड युंगने सेट उभारले. हे सगळं खोटं जग खरं वाटतं ते त्यावर पडणाऱ्या उजेडामुळे. फेरमीरच्या चित्रांसारखा एका बाजूच्या खिडकीतून झिरपणारा प्रकाश, व्हॅन गॉगची आठवण देणारे हिरवे आणि लाल. शेवटाकडे मनाचा तोल गेलेली सिस्टर रूथ पहाटेच्या उजेडात दाराशी उभी राहते, तेव्हा घामाने चमकणारा तिचा चेहरा आणि डोळ्यांभोवतीची लाली पाहून अजूनही अंगावर काटा येतो. त्या दृश्यात संवाद नाही. पटकथालेखकाचा जो शब्द तिथे नाही, त्याच्या जागी छायालेखकाचा रंग आहे. या कामाबद्दल कार्डिफला ऑस्कर मिळालं आणि युंगलाही.

कायदा काय म्हणतो ते आता पाहू. ब्रिटनच्या आजच्या कायद्यात चित्रपटाचे कर्ते दोन, निर्माता आणि प्रमुख दिग्दर्शक. चित्रपटावरचा हक्क किती काळ टिकणार हे मोजताना चार जणांचं आयुष्य धरतात: दिग्दर्शक, पटकथाकार, संवादलेखक आणि चित्रपटासाठी संगीत रचणारा. यांच्यातला शेवटचा गेला की तिथून पुढे 70 वर्षं. या चौघांत छायालेखक नाही. त्याच देशात, त्याच कायद्यात, साध्या छायाचित्राचा कर्ता मात्र ते टिपणारा छायाचित्रकार असतो. म्हणजे सेटच्या कोपऱ्यात उभा राहून प्रसिद्धीसाठी चार फोटो काढणारा माणूस कायद्याने कर्ता ठरतो, आणि तोच सेट, तेच दिवे, तेच चेहरे एक लाख 93 हजार चौकटींत उतरवणारा कोणीच ठरत नाही. यात कसलं तर्कशास्त्र आहे, हे मला अजून कुणी पटवून दिलेलं नाही. कार्डिफ पुढे दिग्दर्शक झाला. 1960 च्या 'सन्स अँड लव्हर्स'साठी त्याला दिग्दर्शनाचं ऑस्कर नामांकन मिळालं, आणि त्या चित्रपटाच्या छायालेखनासाठी फ्रेडी फ्रान्सिसला प्रत्यक्ष ऑस्कर. आजच्या कायद्याच्या चष्म्यातून पाहिलं, तर कार्डिफ इथे कर्ता आणि 'ब्लॅक नार्सिसस'मध्ये पगारी कारागीर! त्याची स्वतःची नजर दोन्हीकडे तीच होती.

दिग्दर्शकाला विचारलं म्हणजे पुरे झालं, असं म्हणणाऱ्यांनी 'द फ्रेंच कनेक्शन'चा प्रसंग आठवावा. 2009 मध्ये या 1971 च्या चित्रपटाची ब्लू-रे आवृत्ती आली. दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिनने स्वतः बसून तिचे रंग बदलले होते, फिकट आणि पसरट केले होते. छायालेखक ओवेन रॉइझमन तेव्हा हयात होता. त्याला न विचारता हे झालं आणि त्याने जाहीरपणे कडक शब्दांत निषेध केला. बोंब झाली म्हणून पुढच्या आवृत्तीत त्याला बरोबर घेतलं गेलं. न्याय मिळाला खरा, पण तो आरडाओरड्यामुळे मिळाला, हक्काने मिळाला नाही.

फ्रान्समधल्या एका गाजलेल्या खटल्यातही हीच पोकळी दिसते. जॉन ह्यूस्टनच्या 'द अस्फाल्ट जंगल' या कृष्णधवल चित्रपटाची रंगवलेली आवृत्ती तिथल्या एका वाहिनीला दाखवायची होती. ह्यूस्टनचे वारस आणि पटकथालेखक बेन मॅडो कोर्टात गेले, आणि 1991 मध्ये फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने कौल दिला. निकाल उत्तम होता, कलाकाराच्या नैतिक हक्काचा विजय होता. पण थोडं थांबून विचार करा. रंग चढवल्याने सर्वांत थेट मोडतोड कोणाच्या कामाची होणार होती? पटकथेतला एक शब्दही बदलत नव्हता. बदलत होता तो छायालेखक हॅरल्ड रॉसनचा काळा आणि त्याचा पांढरा. फ्रेंच कायद्याने ज्यांना चित्रपटाचे कर्ते म्हणून गृहीत धरलंय, त्या यादीत छायालेखक तिथेही नाही.

या मागणीवरचे आक्षेप मला ठाऊक आहेत, आणि त्यातला एक खरोखर वजनदार आहे. चित्रपट ही सामूहिक कला आहे. 'ब्लॅक नार्सिसस'चा हिमालय कार्डिफचा जितका, तितकाच युंग आणि पर्सी डेचा. 'रेड शूज'चे रंग हाइन हेकरोथच्या चित्रांतून आले. मग कला दिग्दर्शकाला हक्क का नको? वेशभूषाकाराला? अशी रांग लागली तर कोणताही चित्रपट दुरुस्त करताना वीस जणांच्या वारसांच्या सह्या गोळा करत बसावं लागेल, आणि तोवर निगेटिव्ह कुजून तिचं व्हिनेगर होईल. ही भीती खरी आहे, म्हणूनच मी मालकी मागत नाही, उत्पन्नातला वाटा मागत नाही, आणि नकाराधिकारही मागत नाही. मागणी एवढीच आहे की चित्रपटाच्या प्रतिमेत रंग, उजेड किंवा चौकटीच्या आकाराचा बदल होणार असेल तेव्हा हयात छायालेखकाचं म्हणणं ऐकणं बंधनकारक व्हावं आणि ते लेखी नोंदवलं जावं. सेट आणि कपडे निगेटिव्हवर आले ते आलेच, ते कुणी हलवू शकत नाही. ग्रेडिंगच्या, म्हणजे प्रतीचे रंग-उजेड जुळवण्याच्या, खोलीत दर वेळी नव्याने ठरतो तो उजेड आणि रंग. म्हणून तिथे त्याचा आवाज आधी.

दुसरा आक्षेप, छायालेखकही आपलंच काम बिघडवू शकतो. खरं आहे. व्हित्तोरियो स्तोरारोने 'अपोकॅलिप्स नाऊ'ची रुंद चौकट घरगुती आवृत्तीसाठी स्वतःहून दोनास एक या प्रमाणात कापली, आणि ते अनेकांना रुचलं नाही, मलाही नाही. म्हातारपणी माणसाची आवड बदलते, आणि आवडीसारखीच स्मृतीही बदलते. पण त्यावरचा उपाय म्हणजे त्याच्या शब्दाला त्या काळच्या पुराव्याची जोड. टेक्निकलरच्या बाबतीत हा पुरावा सुदैवाने शिल्लक आहे. त्या पद्धतीने छापलेल्या प्रिंटचे रंग सहसा उडत नाहीत. पन्नासच्या दशकात ईस्टमनकलर आलं, स्वस्त आणि सोपं, पण त्याच्या जुन्या प्रिंट वीसेक वर्षांतच गुलाबी पडू लागल्या. टेक्निकलरची 1947 ची प्रिंट मात्र आजही सांगते, की हा लाल एवढाच लाल होता. छायालेखकाची साक्ष आणि अशी एक प्रिंट, दोन्ही समोर असताना मनमानी करायला फारशी जागा उरत नाही. 'ब्लॅक नार्सिसस'च्या डिजिटल प्रतीच्या वेळी क्रायटीरियन या व्हिडिओ कंपनीने वृद्ध कार्डिफला आणि पॉवेलची पत्नी थेल्मा स्कूनमेकरला देखरेखीसाठी सोबत घेतलं होतं. ती प्रत पाहावी, म्हणजे विचारल्याने काय साधतं ते डोळ्यांनीच कळतं.

आपल्याकडे हा प्रश्न जास्त तातडीचा आहे. भारताच्या 1957 च्या कायद्यात चित्रपटाचा कर्ता फक्त निर्माता आहे. 2010 च्या विधेयकात प्रमुख दिग्दर्शकाला सहकर्ता करण्याचा प्रस्ताव होता, तोही 2012 ला कायदा संमत होताना गळाला. त्याच दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा न सोडता येणारा हक्क दिला, म्हणजे मनात आणलं तर संसद कलाकाराच्या बाजूने उभी राहू शकते. 2004 मध्ये 'मुघल-ए-आझम' आख्खा रंगवून पुन्हा प्रदर्शित झाला. मूळ चित्रपट बहुतांश कृष्णधवल, आणि शीशमहालातल्या गाण्यासह काही भाग टेक्निकलरमध्ये. कृष्णधवलातून रंगात शिरतानाचा तो झगमगाट हेच त्या गाण्याचं अर्धं बळ होतं. सगळंच रंगीत झाल्यावर ते गेलं. छायालेखक आर. डी. माथुर यांच्या कामात एवढा मोठा बदल करताना कायद्याने त्यांच्या बाजूने कुणालाही विचारण्याची गरज नव्हती.

कार्डिफ हा 2001 मध्ये संपूर्ण कारकिर्दीसाठी सन्माननीय ऑस्कर मिळवणारा पहिला छायालेखक. 2008 चा दादासाहेब फाळके पुरस्कार व्ही. के. मूर्ती यांना मिळाला, आणि तो सन्मान मिळवणारे तेही पहिलेच छायालेखक. दोघांचीही उमेद सरल्यावर शाली घातल्या. हे सन्मान मनापासून होते याबद्दल शंका नाही, पण 'कागज के फूल'मधला मूर्तींचा तो प्रकाशाचा झोत उद्या कुणी ग्रेडिंगमध्ये मवाळ केला, तर फाळके पुरस्कार त्याला अडवू शकणार नाही.

पुण्यात लॉ कॉलेज रोडवर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. राष्ट्रीय चित्रपट वारसा मोहिमेखाली सुमारे 2,200 चित्रपटांच्या पुनरुज्जीवनाची घोषणा 2022 मध्ये झाली. काम मोठं आहे आणि सरकारी पैशाने होतंय, म्हणून इथे कायदाबदलाची वाट पाहायचीही गरज नाही. निविदेत एक अट घातली तरी भागेल. ग्रेडिंग सुरू होण्याआधी छायालेखकाला बोलवा. तो नसेल तर त्याच्या हाताखाली फोकस ओढलेल्या, लाइट लावलेल्या सहाय्यकाला बोलवा, त्या काळची एक चांगली प्रिंट शोधून शेजारी लावा, आणि काय बदललं, का बदललं याचं टिपण प्रतीसोबत जाहीर करा. मुंबईतल्या फिल्म लॅब डिजिटल आल्यावर एकामागून एक बंद पडल्या. त्या लॅबमध्ये प्रिंटचे लाइट ठरवणारी माणसं आज सत्तरी-ऐंशीत आहेत. कोणत्या छायालेखकाला आभाळ किती निळं हवं असायचं, हे त्यांच्या डोळ्यांना अजून पाठ आहे. त्यांना यायला-जायला गाडी आणि दिवसाचं मानधन देण्याचा खर्च एका रिळाच्या स्कॅनिंगपुढे काहीच नाही, आणि तो येत्या दोन-चार वर्षांतच करायचा आहे.